वादी आमच्याच घरी उतरायची

माझ्या वडिलांवर त्यांच्या सख्ख्या थोरल्या बहिणीनं जमिनीचा दावा लावला होता, आणि तारखेच्या आदल्या दिवशी ती मुक्कामाला आमच्याच घरी यायची. पुढं लातूरला नोकरी लागल्यावर मी शाळेतल्या बायकांना हे सांगितलं की त्या हसायच्या. आमच्या घरात मात्र त्यात कुणाला विशेष काही वाटत नव्हतं. आत्याचं सासर कंधारकडं, मन्याड नदीच्या काठी. कोर्ट अहमदपूरला. सकाळी कोर्ट उघडायच्या वेळेला हजर राहायचं तर आदल्या दिवशी निघणं भाग होतं. अहमदपूर तालुक्यात हक्कानं पाय ठेवावा असं तिचं एकच घर, ते म्हणजे माहेर. आणि माहेरात राहत होता प्रतिवादी. त्याला ती तरी काय करणार?

वडिलांना आम्ही अप्पा म्हणायचो. ते आत्याला अक्का म्हणायचे. कागदावर ती ‘वादी’ झाली तरी तोंडातली अक्का काही सुटली नाही. वकिलासमोर बोलतानाही ते चुकून म्हणायचे, “आमच्या अक्कानं माझ्यावर खोटा दावा लावलाय,” आणि वकील कपाळाला हात लावायचे.

सगळं सुरू झालं ते बहात्तरच्या दुष्काळात. आमच्या गावातल्या विहिरी एकामागून एक आटत गेल्या. माणसं रस्त्याच्या कामावर खडी फोडायला जात होती, रेशनचा लाल मिलो, म्हणजे परदेशातून आलेली ज्वारी, दळून खात होती. माणसांचं कसंतरी भागत होतं, जनावरांचं भागत नव्हतं. तेव्हा आत्यानं निरोप धाडला, बैल इकडं आणून सोड. तिच्या गावच्या डोहात अजून पाणी होतं आणि तिच्या नवऱ्यानं कडबा राखून ठेवला होता. अप्पा बैलजोडी हाकत पायी कंधारकडं गेले आणि बैल तिच्या दावणीला बांधून आले. तो उन्हाळा आमचे बैल तिच्या कडब्यावर जगले. हे आधीच सांगून ठेवते, कारण कोर्टाच्या कुठल्याच कागदात याचा उल्लेख नाही.

त्याच सुमारास विहिरी खोल करायला सरकार मदत देणार अशी बातमी गावात आली. अप्पांनी अर्ज केला. तलाठी म्हणाला, जमीन तर अजून तुमच्या वारलेल्या वडिलांच्याच नावावर आहे. वारस म्हणून भाऊ-बहीण दोघांची नावं लावावी लागतील, नाहीतर बहिणीकडून हक्कसोड करून आणा. हक्कसोड म्हणजे बापाच्या जमिनीतला आपला हिस्सा भावासाठी सोडला असं बहिणीनं रजिस्ट्री कचेरीत लिहून द्यायचं. आमच्याकडं हा प्रकार लग्नातल्या आहेरासारखा सवयीचा होता. बहिणीला एक लुगडं घ्यायचं, अहमदपूरला न्यायचं, सही करवायची, हॉटेलात भजी खाऊ घालायची आणि बसमध्ये बसवून द्यायचं. बहिणीही दिवसभराची मजा झाली म्हणून खुशीत परत जायच्या.

पहिला पाऊस लागल्यावर अप्पा बैल आणायला गेले. बैल त्यांनी गड्याबरोबर पुढं पाठवले आणि स्वतः आत्याला घेऊन बसनं आले. एका फेरीत दोन्ही कामं. बैल जगवल्याबद्दल लुगडं, असं आत्याला वाटलं. लुगडं सहीबद्दलचं होतं.

कचेरीत काय झालं ते मी डोळ्यांनी पाहिलेलं नाही. अप्पांनी एक सांगितलं, आत्यानं एक. अप्पांच्या म्हणण्याप्रमाणे ती भर कचेरीत ओरडली. आत्याच्या म्हणण्याप्रमाणे ती इतकं हळू बोलली की साहेबाला पुन्हा विचारावं लागलं. बोललेले शब्द मात्र दोघांच्या सांगण्यात तेच आहेत. साहेबानं, रोज सगळ्यांना विचारतो तसं, मान वर न करता विचारलं,

“बाई, तुम्ही तुमचा हिस्सा राजीखुशीनं सोडताय ना?”

“कोणता हिस्सा?” आत्या म्हणाली.

“वडिलांच्या जमिनीतला.”

आत्यानं अप्पांकडं पाहिलं. “माझा हिस्सा हाय व्हय रे त्यात?”

“उगं नावापुरता हाय, अक्का.”

“नावापुरता हाय तर सोडायचा कामून? राहू दे की नावापुरता.”

साहेबानं पहिल्यांदा मान वर केली आणि सांगितलं, घरी नीट बोलून या. म्हणजे आपल्याला बापाच्या रानात वाटा आहे ही गोष्ट आत्याला कुणा वकिलानं सांगितली नाही, नवऱ्यानं तर नाहीच नाही. ती तिला सांगितली आमच्या अप्पांनी, स्वतःच्या खर्चानं अहमदपूरला नेऊन, नवं लुगडं नेसवून.

भजी दोघांनीही खाल्ली नाहीत. लुगडं मात्र तिनं परत केलं नाही. पुढं दाव्याच्या पहिल्या तारखेला ती तेच नेसून आली, आणि आईनं त्याचा पदर हातात धरून म्हटलं, “रंग चांगला निघाला, अक्का.”

त्या साली पाऊस बरा झाला. विहीर आपोआप भरली. सरकारी मदतीची गरज उरली नाही, अप्पांचा अर्ज कुठं गेला ते कुणी विचारलं नाही. हिस्सा तेवढा राहून गेला. आत्यानं येणाऱ्या-जाणाऱ्याबरोबर निरोप पाठवले, माझं नाव लाव. अप्पांनी उत्तरादाखल तुरीची डाळ पाठवली. तिनं पुन्हा निरोप पाठवला. त्यांनी पंचमीला न्यायला गाडी पाठवली. ती पंचमीला आली, झोका खेळली, जेवली आणि जाताना म्हणाली, “डाळ चांगली शिजती. पण नावाचं काय झालं?” अप्पा बैलांना पाणी दाखवायला उठून गेले.

मग एक दिवस कोर्टाचा बेलिफ आमच्या दारात आला.

गावात सगळे म्हणाले, हे तिच्या नवऱ्याचं काम. तो माणूस खरं तर इतका भिडस्त होता की मेहुण्याविरुद्ध दावा लागला म्हणून त्यानंच दोन दिवस जेवण सोडलं होतं. तो एकदाही कोर्टात आला नाही. तारखेच्या आदल्या दिवशी आत्याला बसमध्ये बसवून द्यायचा आणि हळूच म्हणायचा, “मेहुण्याला नमस्कार सांग.” आत्या तो नमस्कार न चुकता पोचता करायची.

आईनं पहिल्याच मुक्कामाला नियम घालून दिला: उंबऱ्याच्या आत कोर्टाचं नाव काढायचं नाही. तो पाळणं सगळ्यांत सोपं गेलं ते आत्याला. ती आली की चुलीजवळ बसायची, भाकरी थापायला घ्यायची, माझ्या वेणीला नावं ठेवायची. सकाळी अंघोळ करून लिंगपूजेला बसायची. अप्पाही बसायचे. आमच्या घरात विभूतीचा डबा एकच. त्या एका डब्यातली विभूती कपाळाला ओढून वादी आणि प्रतिवादी एकाच बसनं न्याय मागायला निघायचे. बसला गर्दी असली की अप्पा खिडकीतून टॉवेल टाकून अक्कासाठी जागा धरायचे. अहमदपूरच्या स्टँडवर उतरलं की मात्र दोघं दोन रस्त्यांनी जायचे, कारण हे असं एकत्र येणं-जाणं दोन्ही वकिलांना पसंत नव्हतं.

मी तेव्हा अहमदपूरला कॉलेजात शिकत होते. आत्याची साक्ष होती त्या दिवशी तास बुडवून कोर्टात जाऊन बसले. अप्पांच्या वकिलांनी कैफियत, म्हणजे दाव्याला द्यायचं उत्तर, मोठी ठसठशीत लिहिली होती. वादीला लग्नात भरपूर दिलं, वादीनं कैक वर्षांपासून माहेराशी सर्व संबंध तोडले आहेत, वादीला जमिनीशी काही देणंघेणं नाही, वगैरे. खाली अप्पांची सही. सही करताना त्यांनी ती वाचली होती का, असं मी नंतर विचारलं. ते म्हणाले, “वकील लिहितो तसं लिहावंच लागतं.”

आत्या पिंजऱ्यात उभी राहिली. वकिलांनी घसा साफ केला.

“बाई, लग्न झाल्यापासून तुमचं माहेराशी येणंजाणं राहिलेलं नाही, हे खरं की नाही?”

“न्हाई.”

“म्हणजे राहिलेलं नाही?”

“म्हणजे खरं न्हाई. आज सकाळी ह्याच्याच घरची भाकर खाऊन आले. वर दही होतं.”

न्यायाधीशांनी अप्पांकडं पाहिलं. अप्पा छताच्या पंख्याकडं पाहत होते. वकील दुसऱ्या वाटेनं आले.

“बरं. उद्या तुमच्या लेकीनं असाच हिस्सा मागितला तर तुम्ही तुमच्या मुलांकडून देवविणार का?”

आत्या पहिल्यांदाच अडखळली. तिनं पदर सारखा केला. “ती मागंल तवा बघू,” ती म्हणाली. कोर्टातले सगळे हसले, न्यायाधीशसुद्धा. हसले नाहीत ते दोघंच, आत्या आणि अप्पा.

नंतर अप्पांची उलटतपासणी झाली. आत्याचे वकील तरुण होते, त्यांनी कुठून तरी बैलांची गोष्ट मिळवली होती. त्यांनी विचारलं, “दुष्काळात तुमची बैलजोडी कुणी सांभाळली, सांगा कोर्टाला.” अप्पांचा चेहरा उतरला. तेवढ्यात मागून आत्याचा आवाज आला, “वकीलसाब, ते न्हाई विचारायचं. ते त्यात न्हाई येत.” न्यायाधीशांनी तिला गप्प बसायला सांगितलं. तिच्या वकिलांनी वळून तिच्याकडं असं पाहिलं की जणू तिनंच त्यांच्यावर दावा लावलाय. पण त्यांनी तो प्रश्न सोडला.

परतीच्या बसमध्ये त्या दिवशीही टॉवेल टाकलेला होता. अप्पा शेजारी बसले नाहीत, दांड्याला धरून उभे राहिले. आमच्या गावापर्यंत त्यांनी एकच वाक्य उच्चारलं, तेही कंडक्टरशी.

निकाल आत्याच्या बाजूनं लागला. कायद्यानं तिचा हिस्सा निघतो, असं कोर्टानं म्हटलं. त्या संध्याकाळी दोघं घरी आले तर आईनं पुरणपोळ्या करून ठेवलेल्या. अप्पा भडकले. “कुणाला जिंकवून राहिलीस तू?” आई म्हणाली, “कुणीबी जिंकलं तर घरचंच मानूस जिंकणार होतं.” आत्यानं पोळी खाल्ली आणि कटाच्या आमटीला मीठ कमी आहे म्हणून सांगितलं. अप्पांनीही खाल्ली. खाऊन झाल्यावर हात धुता धुता ते म्हणाले, “मी वर जाणार.” वर म्हणजे अपिलात. आईचा नियम त्या दिवशी पहिल्यांदा मोडला.

अपील जिल्ह्याला, आणि जिल्हा तेव्हा उस्मानाबाद. आमच्या गावाहून उस्मानाबादला जायचं म्हणजे अहमदपूर, तिथून लातूर, तिथून पुढं असं बस बदलत जायचं. आत्याला तर कंधारकडून, म्हणजे पार दुसऱ्या जिल्ह्यातून. तारखेला पोचावं तर वकील आजारी, नाहीतर साहेब रजेवर. दोघांनाही प्रवास सोसेना. अप्पांची कंबर धरायची, आत्याला बस लागायची, आणि अप्पा तिच्यासाठी खिशात लिंबू ठेवायचे. अपील मागं घ्यावं असं अप्पांना कधी वाटलं नाही आणि तडजोड करावी असं आत्यालाही. लांबचा प्रवास सोसतो आहोत म्हणजे आपलंच खरं असणार, असं दोघांनाही वाटत असावं.

आणि मग लातूर जिल्हा झाला.

त्या दिवसांत लातूरला नुसता उत्साह होता. पेढे, कमानी, फटाके. जो तो सांगत होता, आता मागासलेपण गेलं, आता इथं काय काय येईल. मला तिथल्या एका शाळेत नोकरी लागली, मी खोली घेऊन राहायला लागले. यथावकाश जिल्ह्याचं कोर्टही आलं आणि आमच्या भागातली अपिलं तिकडं आली. गावी गेल्यावर मी अप्पांना विचारलं, नव्या जिल्ह्यानं तुमचं काय भलं झालं? त्यांनी मनापासून विचार केला. “तारखेला जाणं सोपं झालं,” ते म्हणाले. आत्याचंही तेच मत होतं, शिवाय तिला आता लातूरला उतरायला घर मिळालं होतं. माझी खोली. एका खाटेवर वादी (अपिलात आता तिला उत्तरवादी म्हणत), खाली सतरंजीवर अपीलकर्ता, आणि स्टोव्हवर चहा करत मी.

पण नव्या जिल्ह्याबरोबर एक नवी काळजीही आली. अप्पांच्या वकिलांनी त्यांना समजावून सांगितलं की अपील हरलात तर वाटणी कोर्ट करत नाही, ते काम कलेक्टर कचेरीकडं जातं. मोजणीदार येतील, साखळी टाकतील, प्रत्येक शेताचे कायद्यानं तुकडे पाडतील. कोणता तुकडा कुणाला, ते तिथं बसलेला माणूस ठरवील. अप्पांना हे ऐकून धक्काच बसला. आजवर त्यांना वाटत होतं की हरलं तरी अक्काशीच गाठ आहे. रानात परका माणूस साखळी घेऊन फिरणार आणि बांध कुठं पडायचा ते सांगणार, हे त्यांच्या ध्यानात आलंच नव्हतं. त्या दिवसानंतर ते जरा मऊ पडले.

पुढच्या तारखेला अपील सुनावणीला लागलं. नवे न्यायाधीश पश्चिम महाराष्ट्रातून बदलून आलेले होते. त्यांनी फाईल चाळली, समोर उभ्या दोघांच्या कपाळावरच्या सारख्याच पट्ट्यांकडं पाहिलं आणि विचारलं,

“तुम्ही दोघं सख्खे भाऊबहीण का?”

“हाव,” दोघं एकदम म्हणाले.

“मग बाहेर झाडाखाली बसा आणि मिटवून या. जेवणाच्या सुट्टीनंतर मला सांगा. नाही मिटलं तर मी आहेच.”

शाळेला त्या दिवशी सुट्टी होती, म्हणून मी डबा घेऊन गेले होते. कोर्टाच्या आवारातल्या लिंबाखाली सतरंजी टाकली. दोन्ही वकील आले. अप्पांचे वकील निजामाच्या काळात उर्दूत शिकलेले, म्हातारे गृहस्थ. ते बसता बसता म्हणाले, “चला, राजीनामा लिहून टाकू.”

आत्या उठून उभीच राहिली. “राजीनामा? मी काय मास्तरीण हाय का राजीनामा द्यायला? कशाचा राजीनामा? बहीणपणाचा?”

तिला बसवून, पाणी देऊन समजवावं लागलं की जुन्या कोर्टाच्या भाषेत तडजोडीला राजीनामा म्हणायचे, दोघं राजी झाले म्हणून. तिचा विश्वास बसला नाही. “मग तडजोडच म्हणा,” ती म्हणाली. म्हातारे वकील म्हणाले, “बरं, तडजोड.” पण नंतर सबंध वेळ ते राजीनामाच म्हणत राहिले, आणि दर वेळी आत्या त्यांच्याकडं रोखून बघत राहिली.

खरी मौज अशी की जमिनीचं जमायला भाकरी खाण्याएवढाही वेळ लागला नाही. अप्पांनी आधी वरचा माळ देऊ केला. आत्या म्हणाली, “तिथं आपण शेळ्या चारल्यात. मला सांगू नको काय पिकतं तिथं.” मग अप्पा एकदम म्हणाले, “ओढ्याकाठचा तुकडा घे. विहिरीच्या पाण्याची पाळी दे-घे करू.” ओढ्याकाठचा तुकडा म्हणजे आमचं सगळ्यांत चांगलं काळं रान. तरुण वकिलांनी चमकून पाहिलं, डाव आहे की काय म्हणून. डाव नव्हता. अप्पांच्या मनात मोजणीदाराची साखळी वाजत होती. आत्या म्हणाली, “दिलंस?” अप्पा म्हणाले, “दिलं.”

आणि इथंच घोडं अडलं. लिहिणाऱ्या वकिलांनी वाक्य वाचून दाखवलं: ‘प्रतिवादीने सदर क्षेत्र वादी हिस स्वखुशीने दिले.’

“खुशीनं न्हाई,” आत्या म्हणाली. “हक्कानं लिवा. माझं हाय ते मी घेतलं.”

अप्पा लाल झाले. “हक्कानं लिहिलं तर मग मी कोण? मी दिलं न्हाई का आत्ता, सगळ्यांसमोर? गावात सांगायचं काय, कोर्टानं हिसकावून दिलं म्हणून?”

“आणि मी सासरी काय सांगू? भावानं भीक घातली म्हणून?”

जमिनीवर दहा वर्षं जे भांडण झालं नव्हतं ते या एका शब्दावर झालं. आवाज इतका चढला की चहावाल्याच्या टपरीवरची माणसं ग्लास हातात घेऊन बघायला आली. अप्पा म्हणाले, मोडली तडजोड. आत्या म्हणाली, मोडू दे. दोघं सतरंजीच्या दोन टोकांना पाठी करून बसले. म्हातारे वकील माझ्याकडं वळून म्हणाले, “बाई, तुम्ही शाळेत मराठी शिकवता ना? एखादा शब्द सुचवा, म्हणजे दोघांचं समाधान होईल.”

मी मुलांना समानार्थी शब्द शिकवत होते. पण ‘दिलं’ आणि ‘घेतलं’ या दोन्हींना मिळून एकच शब्द काढायचा माझ्यावर कधी प्रसंग आला नव्हता. मी ‘सुपूर्द’ म्हणून पाहिलं, अप्पांना ते पोलिसात दिल्यासारखं वाटलं. ‘बहाल’ म्हटलं, तर आत्या म्हणाली, राजानं दिल्यागत होतंय. ‘प्रदान’ला दोघांनीही नाकं मुरडली. शेवटी मी वैतागून म्हणाले, “देणं-घेणं लिहूच नका. एवढंच लिहा, ओढ्याकाठचं रान आत्याचं आहे हे अप्पांना मान्य आहे.”

आत्यानं विचार केला. “आत्याचं आहे. हाव. हे बरोबर हाय.”

अप्पांनी विचार केला. “मला मान्य आहे. म्हणजे मी मान्य केलं. हे बी बरोबर हाय.”

एकाच वाक्यात दोघांनी आपापलं वाक्य वाचलं होतं. अशा वेळी मराठीच्या शिक्षकानं आणखी काही समजावून सांगू नये.

जेवणाच्या सुट्टीनंतर न्यायाधीशांनी तडजोडीचा मजकूर मोठ्यानं वाचला आणि आत्याला विचारलं, “हे तुम्ही समजून-उमजून करताय ना? कुणाचा दबाव नाही ना?”

“दबाव कुणाचा असंल, साहेब? हा माझ्याहून लहान हाय.”

अप्पांनाही विचारलं. ते म्हणाले, “दबाव हायच, साहेब. पण तो कोर्टाचा न्हाई.” न्यायाधीशांनी तसं लिहून घेतलं नाही. दोघांनी सह्या केल्या. चौथी शिकलेल्या आत्याची सही अप्पांच्या सहीपेक्षा वळणदार आली, हे तिनं लगेच त्यांच्या लक्षात आणून दिलं.

गावात अप्पांनी सांगितलं, मी बहिणीला सगळ्यांत चांगलं रान दिलं, कोर्टसुद्धा तोंडात बोट घालून बघत राहिलं. कंधारकडं आत्यानं सांगितलं, मी माझं रान कायद्यानं काढून घेतलं. दोन्ही गावांतली माणसं काही कामानं लातूरला यायची तेव्हा मला दोन्ही हकिकती ऐकायला मिळायच्या, आणि दोन्ही मला खऱ्या वाटायच्या.

आता प्रश्न आला की रान कसायचं कुणी. आत्या कंधारकडं, तिची मुलं तिकडं आपापल्या कामात. परक्याला द्यायचं तर विहिरीच्या पाळीवरून रोज भांडण. मृग जवळ आलं तशी ती एक दिवस आमच्या घरी आली. या वेळी तारीख नव्हती, म्हणून आई जरा घाबरलीच. आत्या चहा पिऊन म्हणाली, “माझं रान पडीक पाडायचं न्हाई. तूच कर बटईनं.” म्हणजे कसणाराचा अर्धा, मालकाचा अर्धा.

एवढी वर्षं ज्या रानावर तिचं नाव लागू नये म्हणून अप्पा कोर्टाच्या पायऱ्या झिजवत होते, त्याच रानाचे ते आता तिचे बटईदार झाले. ते जागचे उठले, डोक्याला टॉवेल गुंडाळून बाहेर गेले आणि बऱ्याच वेळानं परत येऊन म्हणाले, “बी अर्धं अर्धं.” “अर्धं अर्धं,” आत्या म्हणाली.

मालकीण ती फार कडक निघाली. पेरणीला हजर, खुरपणीला हजर. बांधावरून चालत जायची आणि तण दिसलं की हाक मारायची. अप्पा तिच्या रानाची इतकी निगा राखायला लागले की आमच्या स्वतःच्या रानात हराळी माजली. आई म्हणायची, “ह्यांनी स्वतःचं रान बी अक्काच्या नावावर करावं, म्हंजे नीट तरी पिकंल.”

दुसऱ्या का तिसऱ्या सालची गोष्ट. पावसानं मधेच ओढ दिली आणि तूर फुलावर असताना गळाली. खळ्यावर रास पडली ती बघवत नव्हती. मी सुट्टीला गावी आले होते. आत्या आली, राशीभोवती फिरली, एक मूठ उचलून दाणे हातावर चोळले.

“एवढीच?”

“एवढीच. वरून पाणीच न्हाई, अक्का. मी काय करू?”

“विहिरीचं?”

“तुझ्या पाळीचं तुला दिलं, माझ्या पाळीचं बी तुलाच दिलं. जाऊन माझं रान बघून ये. काडी न्हाई तिथं.”

आत्या खरंच बघायला गेली. उन्हात माळाकडच्या आमच्या रानात जाऊन, सगळं फिरून, पदरानं तोंड पुसत परत आली. अप्पांनी रास मोजायला घेतली होती. ती खाली बसली, तिचा वाटा त्यांनी वेगळा काढला तो तिनं दोन्ही हातांनी पुन्हा एका पोत्यात भरायला सुरुवात केली. मी पोत्याचं तोंड धरलं.

“हे घेऊन जायचं न्हाई का तुला?” अप्पांनी विचारलं.

“बी म्हणून ठेव.”

“मग माझ्यातलं बी घालतो त्यात.”

“घाल. पण आधी माझ्या रानात पेर, मग उरलं तर तुझ्या.”

“हाव,” अप्पा म्हणाले आणि पोत्याचं तोंड सुतळीनं शिवून टाकलं. मग तिला बसपर्यंत सोडायला म्हणून ते बैलगाडी जुंपायला गेले.